फुटेजमधली बाई भेटली तेव्हा

पत्र थोडक्यात असं: पत्र लिहिणारी २८ वर्षांची, पुण्यात राहणारी. १९९३ च्या किल्लारी भूकंपावरच्या एका माहितीपटात ती संशोधनही करते आणि संकलनालाही बसते. आजोळ त्याच भागातलं, औसा तालुक्यात, पण जन्म भूकंपानंतरचा. रफ कट, म्हणजे माहितीपटाची पहिली कच्ची जुळणी, दाखवायला दहा दिवस उरलेत आणि जुनी दृश्यं कमी पडताहेत. दिग्दर्शक सरांचं म्हणणं, जिथे कमी पडतंय तिथे भूजच्या भूकंपाचे शॉट घालू, "ढिगारा तो ढिगारा, कोण ओळखणार?" इंटरनेटवर सापडलेल्या एका क्लिपचा मालक कळत नाही. त्यावर सर म्हणतात, दहा सेकंदांपर्यंत परवानगी लागतच नाही. त्या क्लिपमध्ये सहा सेकंद एक बाई आहे, ढिगाऱ्यासमोर बसून कपाळ बडवून घेणारी. हिने ती क्लिप मोबाइलवर मामीला दाखवली आणि मामी म्हणाली, "अगं, ही तर आपल्या पलीकडल्या गावची." बाई हयात आहे, सत्तरीच्या आसपास. आपलं रडणं दर ३० सप्टेंबरला कुठे ना कुठे दाखवलं जातं हे तिला माहीतही नाही. हे कळल्यापासून सरांना वेगळीच कल्पना सुचली आहे: तिला तो शॉट दाखवायचा आणि तो बघताना तिचा चेहरा टिपायचा. "ताई, मी जास्तच भावनिक होतेय का? की हे क्षेत्रच माझं नाही?" असं तिने विचारलंय.

प्रिय मैत्रिणी,

तू तीन प्रश्न एकाच गाठोड्यात बांधून पाठवलेस आणि वरून स्वतःच्या स्वभावावर ठपका ठेवलास. स्वभावाचं नंतर बघू. आधी ते वाक्य घेते, "ढिगारा तो ढिगारा". हे वाक्य एकेकाळी मीही बोलले होते, आणि त्याचं उत्तर मला पोस्टकार्डावर आलं होतं.

कोयनेच्या भूकंपाला तीस वर्षं होत होती. अर्ध्या तासाचा एक कार्यक्रम आम्ही करत होतो. तो भूकंप ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा, आणि आमच्या हाती हलती चित्रं जेमतेम मिनिटभराची. शेजारच्याच कपाटात किल्लारीच्या टेपा रांगेने लावलेल्या. मी त्यातला पडक्या गल्लीचा एक शॉट उचलला, त्याचा रंग काढून टाकला आणि काळापांढरा करून कोयनेत बसवला. चार सेकंद. कार्यक्रम गेला, सगळ्यांनी वाखाणला. पंधरा दिवसांनी पाटण तालुक्यातल्या एका निवृत्त शिक्षकांचं कार्ड आलं. त्यांनी लिहिलं होतं की आमच्याकडचा पाऊस तुम्हाला ठाऊक नसावा, या पावसात माळवद, म्हणजे मातीचं सपाट छत, एक आषाढ टिकणार नाही. आमची घरं कौलारू. तुम्ही दाखवलेली गल्ली आमची नव्हे, ती ज्यांची असेल त्यांना काय वाटलं असेल? आणि शेवटी एकच ओळ होती: मग बाकीच्या कार्यक्रमातलं किती खरं मानायचं?

ते कार्ड माझ्याकडे आहे. त्या अर्ध्या तासात आम्ही कष्टाने मिळवलेल्या साक्षी होत्या, मोजून मांडलेली माहिती होती. चार सेकंदांनी त्या सगळ्यावर पाणी पडलं, निदान त्या एका घरात तरी.

आता तुझ्या टाइमलाइनवरचा, म्हणजे संकलनात ओळीने लावलेल्या शॉटमधला, भूजचा शॉट थांबव आणि त्याच्याकडे नीट बघ. तो भूकंप २६ जानेवारी २००१ चा, सकाळी पावणेनऊच्या सुमाराचा. थंडीचे दिवस, त्यामुळे लोकांच्या अंगावर शाली, स्वेटर दिसतील. शहरातला शॉट असेल तर स्लॅबवर स्लॅब बसलेले दिसतील आणि त्यातून वाकड्या झालेल्या सळया बाहेर आलेल्या. आता किल्लारीचा कुठलाही शॉट त्याच्या शेजारी ठेव. सळई शोधून सापडायची नाही. दगड आणि माती. हातभराहून जाड भिंती, त्यांवर लाकडाचं छत आणि छतावर मातीचा जाड थर. माळवद गळू नये म्हणून लोक त्यावर वर्षानुवर्षं नवी माती चढवत आलेले. उन्हाळ्यात घर थंड ठेवणारं ते छप्पर ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी झोपलेल्या माणसांच्या अंगावर आलं. गणपती विसर्जन आटोपून लोक नुकते कुठे निजले होते. त्या भागात हजारो माणसं कशाने गेली, याचं निम्मं उत्तर त्या मातीत आहे. तू तिथे भूजचे स्लॅब लावलेस तर नुसतं चित्र बदलत नाही, माणसं कशाने मेली ते बदलतं. सरांना हे दाखव. शब्दांत सांगू नकोस, दोन फ्रेम छापून टेबलावर शेजारी शेजारी ठेव. संकलनाच्या खोलीत युक्तिवादापेक्षा दोन छापील चित्रं लवकर पटतात, असा माझा अनुभव आहे.

आणि "कोण ओळखणार?" याचं उत्तर तुझ्या आजोळीच आहे. पन्नाशीपुढचा कुठलाही माणूस.

इथवर तुझी बाजू घेतली. आता तुलाच एक विचारते. पत्रात तू चार वेळा "किल्लारीचं खरं फुटेज" असं लिहिलंस. ते खरं आहे हे तुला कशावरून कळलं? टेपच्या पाठीवर "किल्लारी भूकंप" असं लिहिलंय म्हणून? त्या एका नावाखाली ५२ गावं आहेत, लातूरमधली आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातली. सास्तूरच्या माणसाला सास्तूरची गल्ली "किल्लारी" म्हणून दाखवलीस तर माझ्या त्या शिक्षकांसारखंच कार्ड तुलाही येईल. भूज घालणं चुकीचं, हे तुला लगेच उमगलं. गाव तपासलं नाही, हे मात्र तुझ्या लक्षात आलं नाही. चूक दोन्हीकडे एकाच जातीची आहे.

आणखी एक. भूकंप पहाटे झाला, कॅमेरे पोचले उजाडल्यानंतर, जिथवर रस्ता जात होता तिथवर. तेव्हा चोवीस तास बातम्या देणाऱ्या मराठी वाहिन्या नव्हत्या, प्रत्येक हातात कॅमेरा असलेला मोबाइल नव्हता. म्हणजे शेजाऱ्यांनी अंधारात हातांनी माती उपसली ते पहिले तास तुला बहुधा कुठल्याच टेपवर मिळणार नाहीत. टेपवर मिळतील जवान, ट्रक, धान्याची पोती, मंत्र्यांचे दौरे. हे सगळं खरंच आहे. पण नुसतं तेवढंच ओळीने लावलंस तर तुझा माहितीपट सांगेल की भूकंप झाला आणि मदत आली. मधले तास गायब. मला वाटतं तुमच्या टाइमलाइनवर ज्या जागा "रिकाम्या" पडल्यात, त्यातल्या बऱ्याच याच तासांच्या असणार. त्या भरायला शॉट मिळणार नाही, कारण तो कुणी घेतलेलाच नाही. ज्यांनी माती उपसली त्यांना बोलू दे. चेहऱ्यावर थांब. आज त्या जुन्या गावठाणाच्या जागी काय उगवलंय ते दाखव, दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्राचं पान दाखव, किंवा पडदा काही क्षण काळा राहू दे आणि नुसता आवाज ऐकव. क्लोद लान्झमान या फ्रेंच दिग्दर्शकाने ज्यूंच्या संहारावरचा 'शोआ' हा साडेनऊ तासांचा चित्रपट १९८५ मध्ये आणला, त्यात एकही जुना शॉट नाही. सरांना सांगायला हे उदाहरण चांगलं आहे. चित्रपट बघितलेला दिग्दर्शक त्यावर "पण प्रेक्षक कंटाळेल" असं पटकन म्हणू शकत नाही.

"प्रातिनिधिक" अशी पाटी टाकली तर? हा मधला मार्ग तुला कुणीतरी सुचवेलच. वर्तमानपत्रं "संग्रहित छायाचित्र", "प्रातिनिधिक छायाचित्र" असं छापतात आणि कांद्याच्या भावाच्या बातमीला ते चालून जातं. जिथे माणसं गेली आहेत तिथे चालत नाही. पाटी टाकायचीच तर पूर्ण टाक: गाव, महिना, वर्ष. गाव कळत नसेल तर "लातूर जिल्हा, ऑक्टोबर १९९३" एवढंच. जेवढं ठाऊक तेवढंच.

गाव कसं ठरवायचं, हेही सांगते, कारण हे काम कुणी शिकवत नाही. पूर्वीच्या वृत्तचित्रांचे कॅमेरामन रिळासोबत डोप शीट पाठवायचे. तारीख, ठिकाण, कोण दिसतंय, कुठल्या क्रमाने घेतलं, सगळं एका कागदावर. टेपांच्या काळात ती शिस्त सैल झाली, तरी डब्यात चिठ्ठी सापडते कधीकधी. म्हणून संग्रहालयात गेलीस की फाइल मागू नकोस, आधी डबा बघायला माग. डब्याची आतली बाजू, टेपवरचं लेबल, खोडून लिहिलेलं काही असेल तर तेही. मग शॉटमध्ये शोध: एसटीची पाटी, शाळेच्या भिंतीवरचं गावाचं नाव, देवळाचा कळस, दुकानाची पाटी. आणि शेवटी गावातल्या दोन माणसांना वेगवेगळं दाखव, एकत्र नको. एकत्र बसले की पहिला म्हणतो तेच दुसरा म्हणतो.

या सगळ्याची नोंद ठेवायला एक साधा तक्ता पुरतो. शॉट कुठून आला, टेप क्रमांक, कुठल्या टाइमकोडपासून (टेपवरच्या वेळेच्या आकड्यापासून) कुठवर, कुणी घेतला, कधी, कुठे, हे कशावरून ठरवलं आणि हक्क कुणाकडे. यातला "कशावरून" हा रकाना लोक ठेवत नाहीत आणि पुढे तोच लागतो. फाइलचं मूळ नाव बदलू नकोस. "बाई_रडते_फायनल_२" असं नाव दिलेली फाइल वर्षाने उघडलीस तर ती कुठली, कुणाची, हे तुलाही सांगता यायचं नाही.

आता परवानगीचं. दहा सेकंदांचा नियम कुठल्याही कायद्यात नाही. मी तो पाच सेकंदांचा ऐकलाय, सातचा ऐकलाय, तीसचाही ऐकलाय. सांगणाऱ्याने तो नेहमी दुसऱ्या कुणाकडून ऐकलेला असतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये रास्त वापराची मुभा आहे: खाजगी अभ्यास, टीका-समीक्षा, चालू घडामोडींचं वृत्तांकन. त्यात सेकंदांचं माप नाही, हेतू बघितला जातो. तीस वर्षांपूर्वीच्या भूकंपावरचा माहितीपट हे चालू घडामोडींचं वृत्तांकन ठरवणं कठीण. "त्या वेळी दूरचित्रवाणीने हे दुःख कसं दाखवलं" असं परखडपणे तपासणारा भाग तुमच्याकडे असता, तर समीक्षेची बाजू वकिलाला मांडता आली असती. नुसती रिकामी जागा भरायला घेतलेला शॉट त्यात बसत नाही.

चित्रपटाचा, आणि त्यात चित्रफीतही आली, कॉपीराइट प्रकाशनाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून ६० वर्षं चालतो. १९९३ मध्ये दाखवलेलं फुटेज म्हणजे २०५३ च्या अखेरपर्यंत. तुझ्यासारख्याच वाचकांपैकी कुणी पुण्यातल्या पानशेतच्या पुरावर काम करत असेल तर त्यांचा हिशेब वेगळा: १९६१ साली प्रकाशित झालेल्या चित्रफितीचा हक्क २०२१ संपताना सुटला. मात्र हक्क सुटला म्हणजे प्रत फुकट मिळते असं नाही. रीळ ज्याच्या ताब्यात आहे तो ते शोधून, स्वच्छ करून, स्कॅन करून देण्याचे पैसे घेणार, आणि ते रास्तच आहे.

तुझ्या क्लिपचा मालक म्हणजे ती चढवणारा माणूस नव्हे, हे तू ओळखलंसच. कोपऱ्यात अर्धवट कापलेलं बोधचिन्ह दिसतंय असं तू लिहिलंस. तिथून सुरुवात कर. वाहिन्या आपली चिन्हं बदलत असतात, चिन्हावरून सुमाराचं वर्ष ठरतं. मग दूरदर्शनच्या संग्रहात विचार, वृत्तसंस्थांच्या संग्रहांत विचार, सरकारी माहितीपट काढणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचं जुनं भांडार आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे (एनएफडीसी) आहे तिथेही विचार. आपल्या प्रभात रस्त्याजवळचं फिल्म आर्काइव्ह १९६४ पासून मोलाचं काम करत आलंय, पण त्याचा मुख्य भर कथापटांवर. बातमीच्या टेपांसाठी पहिली फेरी तिथे मारून निराश होऊ नकोस. आणि लातूर, उमरगा, सोलापूरच्या जुन्या फोटो स्टुडिओंना विसरू नकोस. १९९३ मध्ये लग्नाच्या व्हीएचएस कॅसेटी करणारी मंडळी गावोगाव होती. त्यांच्या माळ्यावर काय पडलंय हे त्यांनाही आठवत नसतं. मात्र अशी कॅसेट मिळाली की कौतुकाने लगेच प्लेअरमध्ये घालू नकोस. आतल्या फितीवर पांढरी बुरशी दिसली तर ती जाणकाराकडून साफ करूनच चालवायची, नाहीतर कॅसेटही जाते आणि यंत्राचं हेडही.

कसून शोधूनही मालक सापडला नाही तर कायद्यात कलम ३१-अ आहे. वर्तमानपत्रात जाहिरात द्यायची, अर्ज करायचा, ठरेल ती रक्कम भरायची. रस्ता आहे, पण दहा दिवसांत संपणारा नाही, आणि वकिलाशिवाय त्यावर पाऊल टाकू नये. तुमच्या निर्मात्यांना तो वेळ नसेल तर ती क्लिप या माहितीपटात नाही, असं धरून चाल.

पैशांबद्दल थोडंच सांगते. फुटेजचा दर सहसा सेकंदावर किंवा मिनिटावर असतो आणि बहुतेक ठिकाणी किमान आकारणी असते. त्यामुळे पाच ठिकाणांहून चार-चार सेकंद घेण्यापेक्षा एकाच ठिकाणाहून वीस सेकंद घेणं स्वस्त पडू शकतं. आधी वॉटरमार्क असलेली पाहणी-प्रत घ्या, तिच्यावर कट बसवा आणि चित्र पक्कं झाल्यावरच मूळ प्रतीचे पैसे भरा. "सर्व माध्यमं, जगभर, कायमसाठी" हा हक्क सगळ्यात महाग. आधी महोत्सवांपुरता घेऊन पुढचा दर आजच लिहून घेता येतो. ओटीटीवाले बहुधा चुकांचा आणि हक्कभंगाचा विमा मागतात, आणि विमा कंपनी तुझा तो तक्ता मागते. सरांना नीतीची गोष्ट पटली नाही तरी ही पटेल.

आता क्लिपमधल्या त्या मावशी. खरं पत्र तू त्यांच्याबद्दलच लिहिलंस.

सर म्हणतात की फुटेजची परवानगी मिळाली तर बाईची वेगळी लागत नाही. शॉटचा हक्क ज्याने तो घेतला त्याच्याकडे किंवा त्याच्या संस्थेकडे असतो, एवढी त्यांची गोष्ट बरोबर आहे. तुझी गल्लत मला इथे दिसते: कायद्याने चालतंय तर मग मला का बोचतंय, म्हणजे मीच हळवी, असा हिशेब तू मांडलास. कायदा एक प्रश्न सोडवतो, हा दुसरा आहे. ती बाई त्या दिवशी कॅमेऱ्यासाठी रडत नव्हती. तिला कुणी विचारलं नाही, विचारण्याजोगी तिची अवस्थाही नव्हती. कॅमेरामनला मी दोष देणार नाही. त्या सकाळी तो तिथे उभा राहिला म्हणून आपल्याला काही दिसलं. डॉ. बाबासाहेबांची मुंबईतली अंत्ययात्रा नामदेव व्हटकरांनी पदरचं घालून चित्रित केली, म्हणून तो जनसागर आज हलताना दिसतो. टिपणाऱ्याचे उपकार असतातच. पण त्याला त्या क्षणी जे विचारता आलं नाही, ते विचारायला तुला तीस वर्षांनी सवड आहे, पत्ता आहे आणि मामी आहे. अशी संधी या कामात क्वचित मिळते. तू हळवी आहेस का, मला माहीत नाही. तू संशोधक आहेस, आणि संशोधकाने करायचं तेच काम तुझ्यासमोर आलंय.

तर मी असं करेन. मामीला आजच फोन करून सांगेन की हे सध्या चार ठिकाणी बोलू नकोस. मावशींना बाहेरून, अर्धवट कळणं सगळ्यात वाईट. मग मामीला घेऊन जाईन, कॅमेरा न घेता. ध्वनिमुद्रणही नाही. पहिल्या भेटीत शॉट दाखवणार नाही, फक्त सांगेन की असं एक चित्र आहे, त्यात तुम्ही आहात, ते मधूनमधून दाखवलं जातं. बघायचं की नाही ते त्यांना ठरवू दे, हवा तेवढा वेळ घेऊ दे, घरच्यांशी बोलू दे. बघायचं म्हणाल्या तर त्यांच्या घरात, त्यांच्या माणसांसोबत. दिवसाउजेडी. हे मुद्दाम लिहिते: रात्री दाखवून तू निघून येशील, पुढची रात्र त्यांना काढायची आहे.

आणि सरांची ती कल्पना, बघताना चेहरा टिपायची. तिला माझा सरळ नकार आहे. पहिल्यांदा बघताना कॅमेरा असता कामा नये. १९९३ मध्ये न विचारता घेतलं, आणि आता पुन्हा तेच, तेही ठरवून, दिवे लावून. त्यांनी बघितलं, महिनाभर गेला आणि त्या स्वतःहून म्हणाल्या की मला यावर बोलायचंय, तर जरूर बोलू दे. तेव्हा त्या जे बोलतील ते तुमच्या माहितीपटातलं सगळ्यात मोलाचं असेल. पण त्या कबूल होतील म्हणून जाऊ नकोस.

होकार मिळाला तर नाव विचार आणि त्यांची हरकत नसेल तर पडद्यावर लिही. "आक्रोश करणारी महिला" म्हणून तीस वर्षं फिरलेल्या बाईला तिचं नाव मिळेल. नकार दिला तर शॉट काढ, हक्क विकत मिळत असला तरीही. मधला मार्ग, चेहरा धूसर करणं, मला पटत नाही. पंचक्रोशीतले लोक पदरावरूनही ओळखतील आणि धूसर चेहरा गुन्हेगारासारखा दिसतो.

शॉट राहिलाच तर दोन गोष्टी सांभाळ. जुनी चित्रं चौकोनी, चारास तीन मापाची असतात. आजचा आडवा पडदा भरावा म्हणून ती ताणू नका, वरखाली कापूही नका. तू पाठवलेल्या फ्रेममध्ये मावशींचा कपाळावरचा हात वरच्या कडेलाच आहे, कापलंस तर तोच जाईल. आणि त्या शॉटला आवाज नाही असं तू लिहिलंस. कृपा करून ध्वनिसंग्रहातलं दुसऱ्या कुणा बाईचं रडणं आणून तिच्या तोंडी घालू नका. भूज किल्लारीत घालण्याइतकंच ते वाईट आहे, फक्त ते कुणी पकडू शकत नाही.

एक गोष्ट तू विचारली नाहीस, पण पुढच्या आठवड्यात ती निघेलच. कुणीतरी म्हणेल, एआयने शॉट साफ करू, नाहीतर सरळ नवा बनवून घेऊ. धूळ काढणं, रंग सावरणं इथवर ठीक. पण अस्पष्ट चेहरा "सुधारताना" ते यंत्र स्वतःच्या मनाने डोळे, नाक, सुरकुत्या भरतं, आणि मग ती मावशी राहत नाही. अमेरिकेत जुन्या फुटेजवर काम करणाऱ्या निर्मात्यांच्या संघटनेने, आर्काइव्हल प्रोड्युसर्स अलायन्सने, २०२४ मध्ये यावर मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यांचा सगळा भर प्रेक्षकापासून काही न लपवण्यावर आहे. ती तुमच्या निर्मात्यांना वाचायला दे.

सरांशी कसं बोलायचं? त्यांना खलनायक करून आत जाऊ नकोस. दहा दिवस, वर वाहिनीचा लकडा, हातात भोकं पडलेला कट. अशा वेळी चांगली माणसंही "कोण ओळखणार" म्हणतात, मी म्हटलं होतं. तू तक्रार घेऊन गेलीस तर ते बचावाला बसतील. पर्याय घेऊन जा. तोच प्रसंग भूजशिवाय, त्या क्लिपशिवाय, रात्री बसून कापून ठेव. अडीच-तीन मिनिटांचा. दोन्ही ओळीने दाखव आणि काही बोलू नकोस. त्यानंतर जे ठरेल ते ईमेलवर लिहून ठेव, कोरड्या भाषेत: अमुक शॉट भूजचा आहे, अमुक क्लिपचे हक्क मिळालेले नाहीत. हे धमकीसाठी नव्हे. सहा महिन्यांनी कुणी विचारलं तर तुझ्या नावावर बिल फाटू नये म्हणून.

एवढं करूनही भूज राहिलंच, तर संशोधक म्हणून श्रेयनामावलीत नाव नको असं सांगायचा तुला हक्क आहे. मी सांगितलं असतं. पण नोकरी या आठवड्यात सोडू नकोस. घरभाडं तुला भरायचंय, आणि तू उठून गेलीस तर त्या खोलीत माळवद आणि स्लॅब यांतला फरक सांगणारं कुणी राहणार नाही.

मूळ टेपचा माग लागला तर एक काम आठवणीने कर. नेटवरचे ते सहा सेकंद कुणीतरी कापून घेतलेले आहेत. त्यांच्या आधीचा आणि नंतरचा एकेक मिनिट पाहणीसाठी मागून घे, माहितीपटात वापरायचा नसला तरी. कॅमेरा तिच्याकडे वळण्याआधी कुठे होता, वळल्यानंतर कुठे गेला, ते त्यात असेल. कदाचित तिच्या दाराची चौकट असेल, अंगणातली माणसं असतील. हक्कदारांची परवानगी काढून तेवढ्याची एक प्रत मावशींसाठी करून घे आणि जाताना सोबत ठेव. त्यांनी मागितली तर द्यायला.

तुझी
ताई